उघडी घरं

थिया, म्हणजे ग्रीकमध्ये मावशी किंवा आत्या, बोटांवर माणसं मोजत होती. ऑक्टोबर संपत आला होता, सहालाच बाहेर अंधार, आणि खोलीच्या मधोमध लाकडाची लोखंडी शेगडी तापलेली. तिच्या पोटातल्या भट्टीत अलेव्रोपिता भाजत होती. पीठ, अंडी, लोणी आणि फेटा चीज यांचं सरबरीत मिश्रण मोठ्या थाळीत पातळ ओतायचं आणि कडा कुरकुरीत होईपर्यंत भाजायचं, एवढाच तो पदार्थ, पण त्या वासानं आम्ही तिघंही शेगडीच्या बाजूला सरकून बसलो होतो. मी सहज विचारलं होतं, हिवाळ्यात गावात किती माणसं असतात? माझ्या मैत्रिणीनं तो प्रश्न ग्रीकमध्ये सांगितला आणि थियानं डाव्या हाताचा अंगठा धरला. अंगठा म्हणजे ती स्वतः. मग पलीकडच्या आळीतले तिचे दीर आणि जाऊ. मग चौकातल्या काफेनिओचा, म्हणजे कॉफीच्या दुकानाचा, मालक. मग वरच्या अंगाला राहणाऱ्या दोघी बहिणी. सहा झाले. सातव्या बोटाशी ती थांबली, खिडकीकडे बघितलं, आणि जरा आवाज उतरवून म्हणाली, ‘तो मेंढ्यांवाला. बरं, त्यालाही धरू.’ मग हात पुसून टाकल्यासारखा करत म्हणाली, ‘एफ्ता.’ सात.

शेगडीपाशी बसलेला तिसरा माणूस होता गवंडी. संध्याकाळी त्यानंच ओंडके फोडून आत आणून रचले होते. सीमेपलीकडच्या अल्बानियातल्या एका गावचा, पन्नाशी ओलांडलेला, बोटांच्या पेरांत चुना कायमचा बसलेला. साम्यवादी राजवट कोसळल्यावर तरुणपणी डोंगर चालून इकडे आला आणि इथंच राहिला. हिवाळ्यातही तो गावातच असतो, हे मला दुपारीच कळलं होतं. थियानं सात म्हटलं तेव्हा तो अलेव्रोपिता खात होता. त्यानं मान वर केली नाही. खाऊन झाल्यावर थाळी स्वतः धुवून ठेवली, शेगडीत एक ओंडका सरकवला, ‘कालीनिख्ता, थिया’ म्हणून शुभरात्री केली आणि निघून गेला. जाताना त्याच्या कमरेला लटकलेल्या किल्ल्या वाजल्या. पंधरावीस तरी असतील.

माझ्या मनात मात्र त्या रात्रभर आठ होते.

गावाचं नाव मी लिहीत नाही. इतक्या थोड्या माणसांच्या गावाचं नाव लिहिलं की माणसंच ओळखू येतात, आणि थियानं मला जेवायला घातलंय. उत्तर-पश्चिम ग्रीसमधल्या पिंदोस पर्वतरांगेत झागोरी नावाचा मुलूख आहे, त्यातल्या सेहेचाळीस गावांपैकी ते एक, एवढं पुरे. झागोरी हे नाव स्लाव भाषेतलं, अर्थ ‘डोंगरापलीकडचं’. योआनिना शहरातून, ज्याला तिथले लोक यानेना म्हणतात, गाडी वर चढायला लागते आणि तासाभरात सगळं जग दगडाचं होऊन जातं. भिंती दगडी, अंगणं दगडी, वाटा दगडी, आणि छपरांवर कौलं नाहीत, तर करड्या दगडाच्या पातळ फरश्या, माशाच्या खवल्यांसारख्या एकावर एक चढवलेल्या. पाऊस पडला की त्या काळ्या होतात आणि ऊन पडलं की चंदेरी. जवळपास हजार चौरस किलोमीटरचा हा प्रदेश, आणि त्यात सगळी मिळून माणसं चार हजारांच्या आतच. आपल्याकडच्या एखाद्या मध्यम गावात याहून जास्त माणसं सापडतील.

दुसऱ्या दिवशी आम्ही व्रादेतोच्या पायऱ्या चढलो. कापेसोवो गावाच्या वरून, जवळजवळ उभ्या कड्याच्या अंगाला बिलगून हा दगडी जिना नागमोडी वर जातो. एकोणचाळीस वळणं आणि अकराशे पायऱ्या, असं सगळे सांगतात. मी मोजायला लागले आणि तिसऱ्या वळणावर दम लागून आकडा हरवला. पायऱ्या रुंद आणि उताराच्या आहेत, माणसाच्या पावलापेक्षा खेचराच्या पावलाला सोयीच्या. व्रादेतो हे झागोरीतलं सर्वांत उंचावरचं गाव, १,३४० मीटर, आणि १९७३ साली मोटररस्ता होईपर्यंत तिथं जायला ही एकच वाट होती. मीठ, पीठ, लग्नाचा रुखवत, आजारी माणूस, सगळं याच वाटेनं. मैत्रीण मधेच एका पायरीवर बसली आणि म्हणाली, तिची याया, म्हणजे आजी, लग्न होऊन याच पायऱ्यांनी खाली उतरली होती, आणि नवरा परदेशी गेल्यावर दरवर्षी माहेरी यायची तीही याच पायऱ्यांनी, पाठीवर पोर बांधून. पायरीचा मधला भाग झिजून खोलगट झाला होता. मी त्यावर हात ठेवला. गार होता आणि गुळगुळीत, पाट्यासारखा.

नवरा परदेशी जाणं ही झागोरीत नवी गोष्ट नव्हती. १४३० साली योआनिना ऑटोमन सुलतानाच्या ताब्यात गेलं, तेव्हा या गावांनी आपणहून शरणागती पत्करून करार केला आणि बदल्यात स्वतःचा कारभार स्वतः बघण्याची मुभा मिळवली. त्यांच्या वाट्याला आलेल्या चाकऱ्यांपैकी एक म्हणजे सुलतानाच्या सैन्यात घोड्यांची देखभाल करायला माणसं पाठवणं. म्हणजे गावातले पुरुष दूरच्या वाटांवर निघाले ते तेव्हापासून. पुढे ते व्यापारी झाले. बुखारेस्ट, कॉन्स्टॅन्टिनोपल, ओडेसा, इजिप्त. बारा-तेरा वर्षांचं पोर नात्यातल्या कुणाच्या दुकानात कामाला लागायचं, लग्नापुरतं गावी यायचं आणि बायकोला सासू-सासऱ्यांकडे ठेवून पुन्हा जायचं. या जाण्याला ग्रीकमध्ये एक शब्द आहे, क्सेनितिया. परदेश, परकेपण आणि विरह हे तिन्ही त्यात एकत्र आहेत. आपल्या जात्यावरच्या ओव्यांमधल्या ‘परदेशी’ शब्दात जी कळ आहे ती त्याच्या जवळ जाते.

पैसा मात्र परत आला, आणि तो कसा आला हे डोळ्यांना दिसतं. कोक्कोरीचा एकाच कमानीचा पूल १७५०चा. किपी गावाजवळचा तीन कमानींचा पूल, पाण्यावर सुरवंट चालल्यासारखा दिसणारा, १८१४चा. कापेसोवोतली शाळा १८६१ची, एखाद्या गढीएवढी. त्या शाळेत रिगास वेलेस्टिनलिस या ग्रीक क्रांतिकारक विचारवंतानं १७९७मध्ये व्हिएन्नात पुरा करून छापलेल्या ग्रीसच्या भल्यामोठ्या नकाशाची प्रत जपून ठेवली आहे. डोंगरातल्या एवढ्याशा गावात बारा तावांचा नकाशा! जे लोक दूर जात होते त्यांच्याच गावात नकाशा हवा होता, हे नंतर माझ्या लक्षात आलं. आता शाळा आहे आणि पोरं नाहीत. बाकांच्या लाकडावर कोरलेली नावं आहेत, ती मी वाचू शकले नाही.

गावाच्या वरच्या उतारावर ओक आणि बीचचं एक दाट रान आहे. आजूबाजूचे डोंगर मेंढ्यांनी आणि कुऱ्हाडींनी केव्हाच मोकळे केले, पण हा तुकडा तसाच. मैत्रीण म्हणाली, हे रान चर्चचं, म्हणजे संताच्या नावानं सोडलेलं. इथली फांदी तोडली तर शाप. झागोरीतल्या बऱ्याच गावांवर अशी राखीव रानं आहेत. दरड आणि बर्फ गावावर येऊ नये म्हणून जुन्या लोकांनी ती शापाच्या धाकात बांधून ठेवली. मला तिला ‘देवराई’ हा शब्द सांगावासा वाटला, आणि सांगितलाही. तिनं तो दोनतीनदा म्हणून बघितला. पानगळ सुरू झालेली, पायाखाली ओली पानं, कुजलेल्या पानांचा आंबूस वास, आणि वर जुन्या ओकांच्या ढोल्या. एवढं सगळं जपणारी माणसं गेली आणि शाप मात्र अजून काम करतोय, याचं मला बरं वाटलं की वाईट, ते सांगता येत नाही.

मैत्रीण श्टुटगार्टची. तिच्या आजोबांनी तिथं यंत्राच्या सुट्या भागांच्या कारखान्यात आयुष्य काढलं. १९६०मध्ये जर्मनीनं ग्रीसबरोबर कामगारांचा करार केला आणि त्यानंतर एपिरसच्या, म्हणजे झागोरी ज्या प्रांतात येतं त्याच्या, डोंगरांतून माणसं अक्षरशः गाड्या भरून उत्तरेला गेली. पण ते ज्या गावातून निघाले ते गाव त्याआधीच अर्धं झालं होतं. ऑक्टोबर १९४०मध्ये इटलीचं सैन्य याच डोंगरांतून आत घुसलं तेव्हा इथल्या बायकांनी दारूगोळ्याच्या पेट्या पाठीवर बांधून बर्फातून वर नेल्या. १९४३मध्ये जर्मन सैन्यानं इथली कित्येक गावं जाळली. नंतर १९४९पर्यंत आपसातलं यादवी युद्ध, ज्याच्याबद्दल थिया आजही काही बोलत नाही. मी विषय काढला तेव्हा ती उठून कॉफीचं भांडं घासायला लागली. चर्चच्या अंगणात संगमरवरी पाटी आहे, युद्धांत गेलेल्यांच्या नावांची. सात बोटांवर न मावणारी. ज्या देशाच्या सैन्यानं शेजारची गावं जाळली, त्याच देशात सतरा वर्षांनी आजोबा कामाला गेले. मैत्रिणीनं त्यांना एकदा विचारलं होतं, तुम्हाला राग नाही आला? ते म्हणाले होते, पोरांना बूट हवे होते.

आदल्या वर्षी मी तिच्याबरोबर याच गावात ऑगस्टमध्ये आले होते, आणि तेव्हाचं गाव आठवलं की ही दोन गावं एकच आहेत यावर विश्वास बसत नाही. १५ ऑगस्ट हा माता मरियमचा सण. चौकातल्या प्रचंड वृक्षाखाली टेबलं, जर्मनी, ऑस्ट्रेलिया आणि अथेन्सहून आलेली माणसं, तीन भाषांत ओरडणारी मुलं, भाजलेल्या मटणाचा धूर, त्सिपुरो या द्राक्षांच्या दारूचे छोटे पेले. वाजंत्री आले आणि सगळं शांत झालं. पहिलं वाजलं ते मिरोलॉय, म्हणजे शोकगीत. सणाची सुरुवात रडण्यानं! एकट्या क्लॅरिनेटनं धरलेला लांब, खाली घसरत जाणारा सूर, खाली बाकीच्या वाद्यांचा धरून ठेवलेला षड्ज. जे गेले त्यांच्यासाठी आधी वाजवायचं आणि मग नाचायचं, अशी इथली रीत. माझ्या शेजारी बसलेला एक मेलबर्नचा टॅक्सीवाला उघडपणे रडत होता. मग उठला आणि पहाटेपर्यंत नाचला. एपिरसमधले हे वाजंत्री पिढ्यान्‌पिढ्या बहुतेक रोमा समाजाचे, हजारेक वर्षांपूर्वी आपल्याच भूमीतून निघालेल्या लोकांचे वंशज. त्या रात्री त्यांच्याशिवाय सण झाला नसता. आठवड्याभरात चौक रिकामा झाला होता.

मग गावाची लोकसंख्या कुठली धरायची? ऑगस्टची की जानेवारीची? ग्रीसमध्ये हा प्रश्न नुसता हळवा नाही, त्याला सरकारी अंगही आहे. पूर्वी जनगणनेच्या दिवशी जो जिथं सापडेल तिथं तो मोजला जायचा. गावाला मिळणारा निधी त्या आकड्यावर ठरणार, म्हणून अथेन्स आणि थेस्सालोनिकीची माणसं बसगाड्या भरून आपापल्या गावी जायची, एक दिवस मोजून घ्यायची आणि परतायची. मैत्रिणीचे वडील सांगतात, त्या दिवशी प्रत्येक घराच्या धुराड्यातून धूर निघायचा. आता मोजणी कायमच्या वास्तव्यावर होते, आणि आकडे खरे झाले तसे ते भयंकरही झाले. २०११मध्ये अख्ख्या देशाची लोकसंख्या १,०८,१६,२८६ होती, २०२१मध्ये १,०४,८२,४८७ राहिली. या वजाबाकीत डोंगरातल्या गावांचा वाटा सगळ्यात मुका आहे. तरी अनेकांनी मतदार म्हणून आपलं नाव आजही गावच्याच यादीत ठेवलं आहे. मतदानाला आठ-आठ तास गाडी चालवत येतात. नाव काढलं की शेवटचा धागा तुटेल, असं त्यांना वाटतं. ते मला पूर्ण समजतं. माझं स्वतःचं नाव अजून राजापूर तालुक्यातल्या आमच्या गावच्या यादीत आहे.

पण थियाच्या सातव्या बोटापाशी मी पुन्हा पुन्हा येत होते. तिथं ती का थांबली? मैत्रिणीनं परतीच्या वाटेवर ते उलगडून सांगितलं. तो मेंढपाळ साराकात्सानी. हे ग्रीक बोलणारे भटके मेंढपाळ. सेंट जॉर्जच्या दिवशी, एप्रिलअखेरीस, कळप घेऊन वर यायचे आणि २६ ऑक्टोबरला सेंट दिमित्रिओसच्या दिवशी खाली किनाऱ्याकडे उतरायचे. गावाच्या कुरणांवर ते पिढ्यान्‌पिढ्या भाडं भरत होते, पण गावातलं कुणी त्यांना आपलं म्हणत नव्हतं. १९३८मध्ये कायद्यानं त्यांची नावं उन्हाळी मुक्कामाच्या गावांत नोंदवली गेली, तेव्हा गावकऱ्यांना ते आवडलं नव्हतं. पुढे गावकरी गेले आणि रिकाम्या घरांत हे मेंढपाळ राहायला आले. आज थंडीत गावात धूर दिसतो त्यातला एक धूर त्यांच्या नातवाचा. त्याला ‘धरायला’ ऐंशी वर्षं लागली, आणि तरी बोट अडखळलंच.

गवंड्याला तर फक्त तीस झालीत.

आणि गंमत नव्हे, खरं सांगायचं तर यातना अशी, की ही देखणी दगडी घरं झागोरीच्या माणसांनी कधी स्वतः बांधलीच नव्हती. ती बांधली बाहेरून आलेल्या गवंड्यांच्या टोळ्यांनी. उत्तरेला कोनित्साच्या भोवती गवंड्यांची गावं आहेत. तिथली माणसं वसंतात टोळी करून खेचरांवर हत्यारं लादून निघायची आणि थंडीच्या तोंडावर घरी परतायची. त्यांची स्वतःची गुप्त बोली होती, कुदारितिका, मालकासमोर मजुरीचं बोलायला. व्यापारी बुखारेस्टला क्सेनितियेत आणि त्याचं घर बांधणारा गवंडी त्याच्या अंगणात क्सेनितियेत. २०२३मध्ये युनेस्कोनं झागोरीला जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली. ती मान्यता ज्या भिंतींना मिळाली, त्या आज उभ्या ठेवतो आहे तो हा आठवा माणूस. छपरावरची एक फरशी सरकली की पाणी आत जातं, तुळई कुजते, टनावारी दगड खाली येतो आणि दोनतीन हिवाळ्यांत भिंतही बसते. म्हणून बर्फ पडला की तो घरोघरी फिरतो. मेलबर्नच्या टॅक्सीवाल्याच्या घरी, अथेन्सच्या वकिलाच्या घरी, मैत्रिणीच्या आजोबांच्या घरी. कुलूप उघडतो, वर बघतो, ओल आहे का ते हातानं चाचपतो, खिडक्या तासभर उघड्या ठेवतो, पुन्हा कुलूप लावतो. कमरेच्या किल्ल्या त्या.

थियावर मला रागावता येत नाही. तिनं त्याला दुखवायचं म्हणून वगळलं नव्हतं. त्याला ताप आला तेव्हा तिनंच चिकन सूप करून नेलं होतं, हे मैत्रिणीनं सांगितलं. मोजायला बसली की तिच्या डोळ्यांपुढे घरं येतात, घराण्यांची नावं येतात, आणि त्या यादीत त्याची जागाच नसते. हे मी इतक्या खात्रीनं सांगू शकते, कारण आमच्याकडे अगदी असंच मोजतात. कोकणात आम्ही माणसं मोजत नाही, उघडी घरं मोजतो. ‘वाडीत चार घरं उघडी आहेत’, असं बाबा म्हणायचे. बाकीची चाकरमान्यांची, गणपतीला उघडणारी, पडवीत कोळ्यांची जाळी आणि खळ्यात पायरीच्या कलमाचा पाचोळा साठलेली. त्या चार घरांत आमच्या आंब्याच्या कलमांची राखण करणारं नेपाळी कुटुंब कधीच धरलेलं नसे. मांगरात राहायचे ते. नवरा, बायको, दोन मुलं. मुलगी गावच्या शाळेत जायची. ती शाळा पटसंख्येसाठी त्या मुलीवर टिकून होती, हे बाबांनीच मला सांगितलं होतं, आणि त्याच दमात पुन्हा ‘चार घरं’ म्हणाले होते. मला तेव्हा त्यात काही खटकलं नाही. दुसऱ्याच्या गावात, दुसऱ्याच्या भाषेत ऐकलं तेव्हा खटकलं.

निघायच्या दिवशी सकाळी धुकं होतं. दरीचा तळ दिसत नव्हता, फक्त कुठूनतरी गळ्यातल्या घंटा ऐकू येत होत्या. गवंडी एका पडक्या कुंपणाच्या भिंतीशी काम करत होता. चुना न घालता दगडावर दगड बसवत होता, आमच्याकडे गडगा घालतात तसा. प्रत्येक दगड हातात फिरवून बघायचा, एक टोक हातोडीनं उडवायचा, बसवायचा, नाही बसला तर खाली ठेवून दुसरा उचलायचा. मी मैत्रिणीला विचारायला लावलं, ही भिंत कुणाची? तो म्हणाला, घरमालक वारला, मुलं अमेरिकेत, कुणी सांगितलेलं नाही. मग का घालतोस? त्यानं खांदे उडवले आणि रस्त्याकडे बोट दाखवलं. भिंत रस्त्यावर कोसळली तर थियाची वाट बंद होईल.

जानेवारीत मैत्रिणीचा फोन आला. थिया पडली होती, फार काही नाही, पण लेक येऊन तिला यानेनाला घेऊन गेली होती. ‘मग गावात आता सहा,’ असं माझ्या तोंडून निघता निघता राहिलं. मी विचारलं, घराचं काय? ती म्हणाली, किल्ली त्याच्याकडे आहे. रोज संध्याकाळी जाऊन थियाची शेगडी पेटवतो, नळ गोठू नयेत म्हणून. त्यानं पाठवलेला एक फोटो तिनं मला पुढे पाठवला. गुडघाभर बर्फ, करडी छपरं पांढरी झालेली, आणि थियाच्या धुराड्यातून सरळ वर जाणारी धुराची रेघ. दारापासून रस्त्यापर्यंत कुणीतरी फावड्यानं वाट मोकळी केलेली.

त्या संध्याकाळी मी आईला फोन केला. आंब्याला मोहोर कसा आहे, थंडी पडली का, असं सगळं बोलून झालं. मग विचारलं, गावच्या घराची किल्ली सध्या कुणाकडे असते? ‘त्या नेपाळ्याकडे,’ आई म्हणाली, ‘दुसऱ्या कुणाकडे असणार?’ मी म्हटलं, आई, त्याचं नाव काय गं? पलीकडे बराच वेळ फक्त पंख्याचा आवाज येत होता.

‘थांब,’ ती म्हणाली. ‘उद्या विचारून सांगते.’